धूर दिसला का?

गेल्या आठवड्यात आपण मधुमेही व्यक्तींनी पायांची काळजी कशी घ्यावी ते पाहिले. आज ज्या दुखण्याविषयी लिहिणार आहे, ते रक्ताच्या तपासणीत सापडत नाही, एक्स-रेमध्ये दिसत नाही आणि रुग्ण स्वतःही त्याचे नाव घेत नाही. महाडसारख्या गावात इतकी वर्षे दवाखाना चालवूनही मला ते उशिराच ओळखता आले. त्यात माझी एक चूक झाली. ती चूक आधी सांगतो, मग शास्त्राकडे वळू.

पोलादपूर तालुक्यातल्या डोंगरावरच्या एका वाडीतून एक आजी माझ्याकडे येत असत. त्यांचे नाव आणि वाडी सांगत नाही; मात्र त्यांना विचारूनच हे लिहीत आहे. वय ७५ उलटलेले. पती परळच्या गिरणीत कामाला होते. १८ जानेवारी १९८२ ला गिरण्यांचा संप सुरू झाला आणि पुढे आपल्या भागातल्या अनेक घरांचे झाले तेच त्यांच्या घराचेही झाले. नोकरी गेली, पती गावी परतले आणि काही वर्षांनी वारले. दोन मुलगे, एक नालासोपाऱ्याला, दुसरा दिव्याला. दोघेही चांगले, आईला पैसे पाठवणारे, गणपतीला न चुकता येणारे. घरी आजी एकट्या.

आजींना रक्तदाब होता आणि त्यासाठी रोज एक गोळी चालू होती. ऑगस्ट २०२२ मध्ये ७५ वर्षांवरील ज्येष्ठांना एस.टी.चा प्रवास मोफत झाला आणि त्यांच्या फेऱ्या वाढल्या. महिन्यातून एकदा येणाऱ्या आजी दर आठवड्याला येऊ लागल्या. वाडीवरून पोलादपूर, तिथून दुसऱ्या गाडीने महाड. तक्रारी ठरलेल्या. छातीत धडधडते, रात्री दोनला जाग येते ती पुन्हा झोप लागत नाही, अन्न गोड लागत नाही, अंगात जीव नाही. मी कार्डिओग्राम काढला, तो ठीक होता. हिमोग्लोबिन, साखर, थायरॉइड तपासले. वयाच्या मानाने सगळे बरे. ताकदीच्या गोळ्या दिल्या, झोपेची हलकी गोळी दिली. आठवड्याने आजी पुन्हा हजर.

त्या यायच्या सकाळच्या गाडीने आणि जायच्या दुपारच्या. नंबर लवकर आला तरी बाकावर बसून राहायच्या. शेजारच्या बाईचे बाळ मांडीवर घ्यायच्या, कुणाची माहेरची वाडी कोणती ते विचारायच्या. कंपाउंडर एकदा हसत म्हणाला, "साहेब, आजींना आपला दवाखाना म्हणजे एस.टी. स्टँडच वाटतो." मीही हसलो. खरे तर निदान तिथेच, माझ्या डोळ्यांसमोर बाकावर बसले होते. मला ते दिसले नाही.

२०२३ चे गणपती झाले. चाकरमानी मुंबईला परतले. ऑक्टोबरमध्ये, दवाखान्यात साथीच्या तापाची गर्दी असताना आजी आल्या. पुन्हा तेच धडधडणे. मी घाईत होतो. म्हटले, "आजी, तुम्हाला काहीएक झालेलं नाही. आता शिमग्यापर्यंत यायचं नाही. उगाच कशाला हेलपाटे घालता?" मी हे रागाने बोललो नव्हतो, उलट त्यांची दगदग वाचवतो आहे, असेच मला वाटत होते. आजींनी पिशवी उचलली आणि "बरं बाबा" म्हणून गेल्या. त्यानंतर त्या आल्या नाहीत आणि माझ्याही लक्षात राहिले नाही.

जानेवारीत, ऐन थंडीत, एका सकाळी त्यांना जीपमधून आणले. रात्री उठताना चक्कर येऊन त्या पडवीच्या पायरीवर पडल्या होत्या. खुब्याजवळ हाड मोडले होते. रक्तदाब २१० वर ११०. दुखण्याने रक्तदाब चढतोच, पण विचारपूस केल्यावर कळले की त्यांनी रक्तदाबाची गोळी तीन महिन्यांपासून बंद केली होती. का? "तुम्हीच म्हणलात ना, काय झालं नाय म्हणून." आणि रात्री जेवल्या होत्या का? "एकल्या जीवासाठी चूल कशाला पेटवायची? चहा घेतला नि पडले."

वाचकहो, रक्तदाब चढू नये यासाठी मी औषध दिले होते आणि माझ्याच एका वाक्याने ते बंद पाडले होते.

रात्री पडलेली ही बाई सकाळपर्यंत फरशीवर होती. मग सापडली कशी? हा भाग मी कधी विसरणार नाही. वाडीत घरे तीसेक, पण बारा महिने उघडी असलेली नऊच. आजींकडे गॅसची शेगडी आहे, पण आंघोळीचे पाणी मागच्या पडवीतल्या चुलीवर तापते. रोज पहाटे त्या चुलीचा धूर कौलांतून वर निघतो. त्या दिवशी समोरच्या घरातली बाई अंगण झाडायला बाहेर आली आणि तिच्या मनात आले, आज म्हातारीच्या घरातून धूर कसा नाही? तिने हाक मारली. उत्तर आले नाही. दाराला धक्का दिला तेव्हा आतून कण्हण्याचा आवाज आला.

आजी वाचल्या त्या या धुरामुळे. डॉक्टर, गोळी आणि कार्डिओग्राम यांतले काहीही त्या पहाटे त्यांच्या कामी आले नाही. धुराकडे बघणारे एक माणूस कामी आले.

एकांत निराळा, एकाकीपण निराळे

एकटे राहणे हा काही आजार नव्हे, हे आधी स्पष्ट केले पाहिजे. आपल्याच तालुक्यात शिवथरघळ आहे. समर्थ रामदासांनी दासबोधाचे लेखन तेथे केले अशी परंपरा सांगते. धबधब्याच्या आवाजाखेरीज दुसरा आवाज नाही, असा तो एकांत. पण तो स्वतः निवडलेला होता आणि ज्यांनी तो निवडला त्यांच्यामागे शिष्यांचा आणि मठांचा मोठा गोतावळा होता. एकांतातून माणूस हवे तेव्हा बाहेर येऊ शकतो. एकाकीपणाचे तसे नाही. आपल्याला हवी तेवढी आणि हवी तशी माणसे आपल्याजवळ नाहीत, ही जी बोच असते तिला एकाकीपण म्हणावे. ती घरात एकट्या राहणाऱ्याला असेलच असे नाही आणि दहा माणसांच्या घरात राहणाऱ्याला नसेलच असेही नाही.

शिकागोचे मानसशास्त्रज्ञ जॉन कॅसिओपो यांनी आयुष्यभर या विषयाचा अभ्यास केला. त्यांचे म्हणणे सोपे आहे. भूक लागली की शरीर अन्न मागते, तहान लागली की पाणी मागते. तसे एकाकीपण म्हणजे शरीराने माणूस मागणे. कळपाने राहणाऱ्या प्राण्याला कळपापासून तुटणे म्हणजे जिवाला धोका. म्हणून तुटलेल्या माणसाचे शरीर पहाऱ्यावर बसते. झोप सलग लागत नाही, मधून मधून मोडते. थोड्या आवाजाने दचकायला होते. ताणाच्या वेळी स्रवणारी संप्रेरके वाढतात, रक्तदाब चढा राहतो. आजींना रात्री दोनला येणारी जाग आणि छातीतली धडधड यांचा अर्थ आता लागतो. त्या खोटे बोलत नव्हत्या. शरीर पहाऱ्यावर होते.

दुसरा परिणाम शरीरात नाही, घरात घडतो. सोबत नसली की जेवण चुकते. गोळी घेतली का, असे विचारणारे कोणी नसते. मोतीबिंदू वाढला तरी नेणारे नसते. ऐकू कमी येऊ लागले की माणूस चार जणांत बसणे टाळतो आणि आणखी तुटतो. अशा लहान लहान गोष्टींची बेरीज मोठी होते.

ती किती मोठी होते, हेही मोजले गेले आहे. अमेरिकेतील संशोधिका ज्युलियन होल्ट-लन्स्टॅड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१० मध्ये १४८ अभ्यासांची एकत्रित छाननी केली. त्यात तीन लाखांहून अधिक माणसे होती आणि सरासरी साडेसात वर्षे त्यांचा मागोवा घेतलेला होता. ज्यांचे माणसांशी नाते घट्ट, त्यांची त्या काळात जिवंत राहण्याची शक्यता इतरांपेक्षा सुमारे ५० टक्क्यांनी अधिक निघाली. जागतिक आरोग्य संघटनेने नोव्हेंबर २०२३ मध्ये या प्रश्नासाठी आयोग नेमला आणि जून २०२५ मध्ये त्याचा अहवाल आला. जगात दर ६ माणसांत १ माणूस एकाकी आहे, आणि एकाकीपणाशी जोडले जाणारे मृत्यू वर्षाला सुमारे ८ लाख ७१ हजार, असे तो अहवाल सांगतो. ब्रिटनने २०१८ मध्ये आणि जपानने २०२१ मध्ये या विषयासाठी मंत्रीच नेमले. ज्या गोष्टीला आपण "म्हातारपणाची कुरकुर" म्हणून हसतो, तिची दखल जग अशी घेत आहे.

आपल्या भागाचे दुखणे

आपल्या भागात हे दुखणे जुने आहे. मुंबईच्या गिरण्या सुरू झाल्या तेव्हापासून कोकणातल्या घरांची उभी वाटणी झाली. कमावता पुरुष परळ-लालबागच्या खोलीत आणि बायको, म्हातारी, पोरे गावी. पलीकडच्या रत्नागिरी जिल्ह्यात २०११ च्या जनगणनेत दर १००० पुरुषांमागे ११२२ स्त्रिया होत्या. कशेडीच्या अलीकडच्या आपल्या वाड्यांतही चित्र फारसे वेगळे नाही. पूर्वी पोस्टमन मनीऑर्डर घेऊन यायचा. पैसे मोजून द्यायचा, अंगठा घ्यायचा, फॉर्मवरचा दोन ओळींचा मजकूर वाचून दाखवायचा आणि घोटभर चहा पिऊन जायचा. आता पैसे थेट बँकेत जमा होतात. सोय झाली यात शंका नाही, पण घराच्या पायरीवर बसणारे एक माणूस कमी झाले.

पूर्वी निदान वाडीत बायका एकमेकींना धरून होत्या. भात लावायला, नाचणी कापायला, गवत काढायला एकमेकींच्या शेतावर जायच्या. आता सुना आणि नातवंडेही शहरात गेली. शेते ओस पडली. गणपतीला आणि शिमग्याला घरे उघडतात, दहा दिवस वाडी गजबजते, आणि शेवटची गाडी गेली की कुलपे लागतात. माझा अनुभव असा की, धडधड आणि निद्रानाशाचे रुग्ण चाकरमानी परतल्यानंतरच्या पंधरवड्यात वाढतात. पूर्वी मी त्याचा दोष मोदकांना आणि जागरणांना देत असे.

यात दरडींची भर पडली. जुलै २००५ मध्ये दासगाव, जुई, कोंडिवते, रोहन या गावांवर दरडी आल्या. २२ जुलै २०२१ ला तळीये गाव गाडले गेले, ८० हून अधिक माणसे गेली. त्याच दिवसांत पोलादपूर तालुक्यात केवनाळे आणि साखर सुतारवाडीतही जीव गेले. अशा वेळी मदत धावून येते; धान्य येते, कपडे येतात, पुढारी येतात. महिन्याभराने सगळे निघून जातात. मागे उरलेल्या माणसाची खरी परीक्षा तेव्हा सुरू होते. ज्याच्या घरातली चार-पाच माणसे एका दुपारी गेली, त्याला नवे घर मिळाले तरी त्या घरात हाक मारायला कोणी नसते. दुःख पहिल्या महिन्यात सगळ्यांचे असते, सहाव्या महिन्यात ते एकट्याचे होते. आपल्या ओळखीत असे कोणी असेल तर सहाव्या महिन्यात जा, दुसऱ्या वर्षी जा.

एकाकीपण फक्त म्हाताऱ्यांचे, असेही समजू नका. जागतिक आरोग्य संघटनेच्या त्याच अहवालात तरुणांमधले प्रमाण वृद्धांपेक्षा अधिक आहे. महाडच्या एम.आय.डी.सी.तील एक तरुण कामगार पोटदुखीसाठी येत असे. उत्तर प्रदेशातला होता. खोलीत सहा जण, पण पाळ्या वेगवेगळ्या. एक उठला की दुसरा झोपणार. रोज रात्री मोबाईलवर बायकोचा आणि लहान मुलाचा चेहरा पाहायचा. एकदा म्हणाला, फोन ठेवला की जास्त दुखते. मी पित्ताच्या गोळ्या दिल्या, दहा मिनिटे त्याच्या गावाविषयी बोललो. नंतर तो आला नाही. बरा झाला, की गावी परतला, मला माहीत नाही. पण ज्या गावात रोज शेकडो माणसे अशी राहतात, तिथे दुकानदाराने, घरमालकाने, चहावाल्याने नावाने हाक मारली तर ते औषधच आहे.

पुरातली हाक

माझाही एक अनुभव आहे. माझ्या दवाखान्यासमोर गल्लीपलीकडे एक शेजारी राहतात. गटाराच्या पाण्यावरून आमचा वाद झाला आणि सात वर्षे आम्ही एकमेकांशी बोललो नव्हतो. २०२१ च्या जुलैत सावित्री आणि गांधारी बाजारपेठेत शिरल्या. खालचा दवाखाना पाण्यात गेला. मी वरच्या मजल्यावर एकटा. घरची मंडळी पुण्याला. वीज नाही, फोन बंद, अंधारात नुसता पाण्याचा आवाज. तेवढ्यात पलीकडून हाक आली, "डॉक्टर, आहात ना?" मी ओरडून म्हटले, "आहे! तुम्ही?" "आहोत!" त्या रात्री आम्ही तासा-दोन तासांनी एकमेकांना अशी हाक देत होतो. त्या हाकेने पाणी काही ओसरले नाही, पण माझ्या छातीतली धडधड नक्की ओसरली.

चिखल काढताना आम्ही दोघांनी मिळून तेच गटार साफ केले. आता रोज सकाळी ते खिडकी उघडतात तेव्हा मी हात वर करतो.

मला त्या रात्री जी हाक मिळाली, तीच हाक ऐकायला आजी दोन गाड्या बदलून माझ्या दवाखान्यात येत होत्या. हे मात्र कळायला मला त्यांचे हाड मोडावे लागले.

दंश दाखवता येत नाही

आपल्या महाडची एक गोष्ट अभिमानाने सांगावीशी वाटते. एके काळी या भागात लाल विंचवाच्या दंशाने माणसे, विशेषतः मुले, दगावत. डॉ. हिंमतराव बावस्कर १९७६ मध्ये बिरवाडीच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात आले. रुग्णाच्या खाटेशेजारी बसून त्यांनी काय होते ते तासनतास पाहिले, नोंदले, आणि प्राझोसिन हे रक्तदाबावरचे औषध या दंशावर उपयोगी पडते हे जगाला दाखवले. २०२२ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. या कामात औषधाइतकेच महत्त्व खाटेशेजारी बसण्याला होते, असे मला वाटते. विंचवाचा दंश निदान बोट ठेवून दाखवता येतो. एकाकीपणाचा दंश दाखवता येत नाही. तो पाहण्यासाठी डॉक्टरला आणि शेजाऱ्याला दोन मिनिटे अधिक बसावे लागते.

तेव्हापासून मी केसपेपरवर एक प्रश्न वाढवला आहे. "घरी कोण असतं? कोण येतं-जातं? काल कुणाशी बोललात?" उत्तर ऐकून अनेकदा गोळ्या कमी लिहाव्या लागतात. "तुम्हाला काही झालेलं नाही" हे वाक्य मात्र मी कायमचे बंद केले आहे.

काय करता येईल?

१. एकट्या राहणाऱ्या माणसाची एक रोजची खूण ठरवा. चुलीचा धूर, दारातली रांगोळी, उघडलेली खिडकी, तुळशीपुढचा दिवा. ती दिसली नाही तर हाक मारा. यासाठी पैसा लागत नाही आणि समितीही लागत नाही.

२. आठवड्यातून निदान दोन-तीन वेळचे जेवण कोणाबरोबर तरी व्हावे. दोन घरच्या दोन म्हाताऱ्यांनी आपापली भाकरी घेऊन एका ओटीवर बसले तरी पुरे. सोबत असली की दोन घास जास्त जातात.

३. मुंबई-पुण्याच्या मुलांनी फोनची वेळ ठरवावी. ठरलेल्या फोनची माणूस दिवसभर वाट पाहते, आणि वाट पाहायला काही असणे हेही जगण्याचे बळ आहे. मात्र फोनवर "गोळी घेतलीस का?" एवढेच विचारू नका. कुळथाची पिठी कशी करायची ते विचारा, शेताच्या बांधाची हकीकत विचारा, सल्ला मागा. आपली कोणाला गरज आहे, हे कळणे म्हाताऱ्या माणसाला टॉनिकपेक्षा उपयोगी पडते.

४. डोळे आणि कान तपासून घ्या. मोतीबिंदू काढल्यावर आणि कानाला यंत्र लावल्यावर माणसात परतलेले कितीतरी रुग्ण मी पाहिले आहेत.

५. एस.टी.ची सवलत वापरा. ६५ ते ७५ वयाच्या ज्येष्ठांना अर्धे तिकीट, ७५ नंतर मोफत, आणि मार्च २०२३ पासून सर्व स्त्रियांना अर्धे तिकीट आहे. दवाखान्यासाठीच नव्हे, बहिणीला भेटायला जा, लेकीकडे जा, महाशिवरात्रीला वीरेश्वराच्या छबिन्याला या.

६. स्वतः एकटे असाल तर कोणी येईल म्हणून वाट पाहत बसू नका. दुसऱ्या एकट्या माणसाकडे आपण जावे. कमीपणा वाटेल, पण तो पहिल्याच दिवशी वाटतो.

७. एकाकीपण आणि नैराश्याचा आजार या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, पण पहिली दुसरीकडे नेऊ शकते. दोन आठवड्यांहून अधिक काळ मन उदास राहणे, कशातच गोडी न वाटणे, अन्न तुटणे, वजन उतरणे, पहाटे लवकर जाग येणे, "आता जगून काय करायचे" असे बोलणे, यांपैकी काही दिसले तर डॉक्टरांकडे न्या. असे बोलणे थट्टेवारी नेऊ नका. उपचार आहेत आणि ते लागू पडतात. १४४१६ या क्रमांकावर "टेली मानस" ही सरकारची मोफत सेवा ऑक्टोबर २०२२ पासून सुरू आहे. ज्येष्ठांसाठी १४५६७ हा मदतीचा क्रमांक आहे. मात्र धडधड, दम लागणे, छातीत दुखणे ही एकाकीपणाचीच लक्षणे असे घरच्या घरी ठरवू नका. हृदयाची तपासणी आधी. आणि कोणतीही चालू गोळी डॉक्टरांना विचारल्याशिवाय बंद करू नका.

आजींचे पुढे काय झाले?

मुंबईत शस्त्रक्रिया झाली. नंतर मुलाने त्यांना नालासोपाऱ्याला नेले. सुनेने मनापासून केले. पण मुलगा आणि सून पहाटे लोकलने जायची ती रात्री परतायची, नातवंडे शाळेत आणि शिकवणीला. चौथ्या मजल्यावर आजी आणि टी.व्ही. तीन महिन्यांनी त्यांनी हट्टाने गाव गाठले. मला म्हणाल्या, "तिथं माणसं लय. पर बोलायला कोन नाय."

वाडीतल्या नऊ घरांनी मग आपसात ठरवले. सकाळची न्याहारी आजी समोरच्या घरी करतात. त्या घरची बाईही विधवा आहे. तिचा मुलगा पनवेलला असतो. दोघी मिळून अंगणात पाच-सहा वेल लावतात, काकडी आणि पडवळ पोलादपूरला विकायला पाठवतात. आशाताई पंधरवड्याने रक्तदाब मोजून जाते. दिव्याचा मुलगा रात्री ठरल्या वेळी फोन करतो आणि नात आजीकडून एक गोष्ट ऐकते. गोष्टी संपत आल्या म्हणून आजी आता नव्या रचतात.

झोपेची गोळी बंद झाली आहे. रक्तदाब मागच्या खेपेस १४० वर ८० होता. काठी घेऊन चालतात, पाय थोडा आखूड पडला आहे. तो आता तसाच राहणार. ती माझ्या चुकीची खूण आहे. त्या महिन्यातून एकदाच येतात आणि आल्या की मी त्यांना मुद्दाम शेवटचा नंबर देतो, म्हणजे घाई राहत नाही.

मागच्या खेपेस मी विचारले, "आजी, पाणी तापवायला गॅस का नाही वापरत? लाकडं आणायला पाय दुखत असेल." त्या हसल्या. म्हणाल्या, "गॅसचा धूर नाय दिसत, बाबा. समोरची वाट बघत आसती."

वाचकहो, उद्या सकाळी दार उघडाल तेव्हा समोरच्या घराकडे एकदा बघा. धूर दिसला का?